कारणापुढची कोरी जागा

जमुना इंगळे रस्त्यात भेटली तर तुम्हाला वाटेल, ही बाई आता आपल्या गळ्यात विम्याची पॉलिसी मारणार. खांद्याला काळी रेक्झिनची बॅग, पायात जाड तळव्याच्या चपला, आणि चष्म्याची एक काडी दोऱ्यानं बांधलेली. बॅगेत शंभर पानी वही, निळं आणि लाल अशी दोन पेनं, पाण्याची बाटली आणि कागदात गुंडाळलेले फुटाणे. एवढ्या सामानावर ही बाई दीड वर्ष जगातल्या एका बलाढ्य कंपनीच्या मागे लागली होती, आणि तेही अमरावतीच्या फ्रेझरपुऱ्यातल्या दोन खोल्यांतून. कंपनीचं नाव मी लिहीत नाही. तुमच्या खिशात फोन असेल तर तिची तुमची रोजची गाठ आहे.

मी शालिग्राम ढोकणे. अकोल्याच्या ‘दैनिक पूर्णाकाठ’मध्ये चौतीस वर्षं काढली, त्यातली बावीस वृत्तसंपादक म्हणून. वार्ताहरांच्या बातम्या तपासायच्या, कापायच्या, मथळे द्यायचे हे माझं काम. जमुना वीस वर्षं माझ्या हाताखाली होती असं कागदोपत्री म्हणता येईल. प्रत्यक्षात कोण कोणाच्या हाताखाली होतं, यावर माझ्या घरी मतभेद आहेत.

हे सगळं सांगायचं एक कारण आहे. तिच्या त्या शोधाला शेवटी एकच कागद कमी पडत होता, आणि तो कागद माझ्या कपाटात होता. तिला ते माहीत नव्हतं. मला माहीत होतं.

पण आधी तिची ओळख नीट करून देतो, नाहीतर माझी लाज तुम्हाला पुरती कळायची नाही.

जमुनाचे वडील जानराव इंगळे एसटीत कंडक्टर होते, अंजनगाव सुर्जी ते अकोला या मार्गावर. शेवटच्या फेरीनंतर लोक सीटवर टाकून गेलेले पेपर ते गोळा करून घरी आणायचे. कधी दोन, कधी पाच, आणि प्रत्येक वेगळा. पोरगी ते जमिनीवर शेजारी शेजारी अंथरून वाचायची. एकाच मोर्चाला एका पेपरात पाचशे माणसं आणि दुसऱ्यात पाच हजार कशी, हे तिनं सातवीत असताना बापाला विचारलं. जानरावांनी सांगितलं की मला बसमधली माणसं मोजता येतात, पेपरातली नाही. ते तू मोठी होऊन मोज. त्यांनी हे थट्टेनं म्हटलं असणार. हिनं ते मनावर घेतलं.

दोन हजार दोन साली ती अंजनगावची वार्ताहर म्हणून आमच्याकडे लागली. पहिल्या वर्षातच माझ्यात आणि तिच्यात ठिणगी पडली. वस्तीतल्या बोअरवेलवर तिनं बातमी पाठवली होती. जागा नव्हती म्हणून मी शेवटच्या चार ओळी उडवल्या. नेमक्या त्याच ओळींत, बोअर कोणाच्या दारात खणली, ते होतं. दुसऱ्या दिवशी बाई अंजनगावहून अकोल्याला ऑफिसात हजर. बातमी कोणी कापली, तिनं विचारलं. मी पेपरातून मान वर न करता म्हणालो, डेस्कनं कापली.

“डेस्क म्हंजे टेबलच ना भाऊ,” ती म्हणाली. “टेबलानं कापली का?”

सगळं ऑफिस ऐकत होतं. मला राग आला. पण त्या संध्याकाळी मी एक नियम लावला, आणि पुढे वीस वर्षं तो मी मोठ्या तोऱ्यात माझा म्हणून मिरवला: जो बातमी कापेल किंवा थांबवेल, त्यानं निळ्या पेन्सिलीनं तारीख घालायची, सही करायची आणि सहीपुढे कारण लिहायचं. जागा नाही, पुरावा नाही, जाहिरात आली, मालक म्हणाले, जे असेल ते. मालकांचं नाव लिहिताना उपसंपादक कचरायचे, तेव्हा मी म्हणायचो, कापलं त्यानं सही करावी, बाकी मी बघतो.

जमुनाचाही एक नियम होता. माणसानं सांगितलेलं ती निळ्यानं लिहायची आणि स्वतः पाहिलेलं लाल पेनानं. बोलणं संपलं की वही त्या माणसाला वाचून दाखवायची. तहसीलदार असो की भाजीवाली, सगळ्यांना. यात तिचे तासन् तास जायचे. बातमी उशिरा यायची आणि मी फोनवर तोंड सोडायचो. पण तिच्या बातमीवर वीस वर्षांत एकदाही ‘मी असं बोललोच नाही’ म्हणून कोणी आलं नाही. तिचं प्रत्येक चांगलं कात्रण मी माझ्या कात्रणवहीत चिकटवत गेलो. ती स्वतः काही ठेवायची नाही. छापून आलं की ते वाचणाऱ्याचं, असं तिचं म्हणणं. तिच्या आईनं, केशरबाईंनी, एका पेटीत काही जपून ठेवली होती, ती वाळवीनं खाल्ली.

आता त्या बातमीकडे येतो.

दोन हजार एकवीसच्या पावसाळ्यात त्या कंपनीनं बागायतदारांसाठी एक ॲप काढलं होतं. झाडाच्या पानाचा फोटो काढायचा, ॲप रोग सांगणार आणि फवारणीही सांगणार. शेंदूरजनाघाटच्या माणिकबाई बेलसरे या संत्र्याच्या जुन्या बागायतदार. त्यांनी आणि शेजारच्या आठ जणांनी फोनचं ऐकून फवारणी केली आणि पंधरा दिवसांत बागेत फळांचा सडा पडला. जमुना तिथे तीन दिवस राहिली. नऊही बागा पाहिल्या, कृषी विद्यापीठातल्या तज्ज्ञाला गाठलं, कंपनीला ईमेल करून उत्तर मागितलं. ते आलं नाही, हेही लिहिलं. मी ती बातमी दोन सप्टेंबरला पान तीनवर मोठी लावली. मथळा मीच दिला होता आणि तो मला फार आवडला होता.

त्याच सुमारास आमचे मालक आजारी होते आणि कारभार त्यांचा मुलगा रोहित बघायला लागला होता. रोहित वाईट मुलगा नाही. पेपर जगावा म्हणून तो खरोखर धडपडत होता. खप निम्म्यावर आला होता, कोरोनानं जाहिराती गिळल्या होत्या. तेवढ्यात कंपनीनं छोट्या पेपरांसाठी मदतीची योजना काढली. पत्रकारांना प्रशिक्षण, नवी वेबसाइट, जुन्या अंकांचं स्कॅनिंग, दोन वर्षं पाठबळ. अमरावतीच्या एका हॉटेलात कार्यशाळा झाली. आम्हाला एकेक पिशवी, स्टीलची बाटली आणि प्रमाणपत्र मिळालं. शिकवणाऱ्या मुलीनं तीन वेळा सांगितलं की तुम्ही काय छापायचं यात आमचा काडीचाही हस्तक्षेप नसेल. जेवण उत्तम होतं.

आठ सप्टेंबरला आमची निवड झाल्याचं कळलं. नऊ तारखेला रोहित माझ्या टेबलाशी आला, चहा प्यायला आणि जाता जाता म्हणाला, “काका, ती संत्र्याची बातमी साइटवर अजून दिसते का हो?”

बस, एवढंच. काढा म्हणाला नाही. मी बघतो म्हणालो. तो गेला, आणि मी ती बातमी साइटवरून काढून टाकली. दोन बटणं दाबावी लागली.

घरी आल्यावर कात्रणवही उघडली. बातमी तिथे चिकटवलेली होती, वर अंकाच्या तारखेचा शिक्का. सवयीनं निळी पेन्सिल घेतली आणि शेजारी लिहिलं: ‘वेबवरून काढली. ९ सप्टेंबर २०२१. शा. ढो. कारण’. कारणाच्या पुढे पेन्सिल चालेना. तशीच वही मिटली आणि कपाटात टाकली.

जमुनाला आठवड्याभरानं कळलं. तिनं फोन करून विचारलं. नवी साइट होते आहे, बऱ्याच गोष्टी हरवल्या, असं मी सांगितलं. तिला ते पटलं, कारण सांगणारा मी होतो.

पुढच्या वर्षी तिनं नोकरी सोडली. फोनला आवडतील असे मथळे द्यायचे दिवस आले होते. संत्री खाण्याचे पाच फायदे, चौथा वाचून थक्क व्हाल, असलं काहीतरी तिला लिहायला सांगितलं गेलं. तिनं पाचच्या पाच फायदे व्यवस्थित लिहून दिले आणि खाली राजीनामा लिहिला. मग ती आईकडे अमरावतीला गेली, एका कॉलेजात तासिकेवर शिकवू लागली, आणि पुण्याच्या एका छोट्या मासिकासाठी लिहू लागली. त्यांच्याचसाठी तिनं हा विषय घेतला: मोठ्या कंपन्यांचं वजन छोट्या पेपरांवर नेमकं कसं पडतं.

वऱ्हाडातल्या चार पेपरांतून दोन वर्षांत अकरा बातम्या साइटवरून नाहीशा झाल्याचं तिनं शोधलं. अकराही त्या कंपनीला न रुचणाऱ्या. काढायला कोणी सांगितलं, हे तिनं चारही ठिकाणी विचारलं. सगळ्यांचं उत्तर एकच, कोणीच नाही. चहाच्या टपरीवर लोक मन मोकळं करायचे आणि वही वाचून दाखवली की मान हलवायचे. सही कोणी देईना. मासिकाच्या संपादकांनी तिला स्पष्ट सांगितलं की निदान एका बातमीचा छापील कागद हवा आणि निदान एक माणूस नावानिशी बोलायला हवा, त्याशिवाय आम्ही छापू शकत नाही. मोबाइलमधला स्क्रीनशॉट कोणीही बनवू शकतो.

छापील कागद म्हणजे रोजचा पेपर, त्यात काय अवघड, असं तुम्हाला वाटेल. पण आमच्या ऑफिसातल्या बांधीव फायली स्कॅनिंगनंतर रद्दीत गेल्या होत्या, आणि स्कॅनमध्ये नेमका तो आठवडा नव्हता. ओल लागलेली पानं वगळली म्हणे. वाचनालयांनी कोरोनात पेपर बंद केले होते ते उशिरा सुरू केले.

यंदा फेब्रुवारीत ती अकोल्याला माझ्या घरी आली. माझ्या बायकोसाठी शेंदूरजन्याची संत्री आणली होती. चहा झाल्यावर तिनं विचारलं, “भाऊ, त्या दिवसचा अंक तुमच्याजवळ असन का? नाहीतं निसतं कात्रन.”

कपाट तिच्या पाठीमागे तीन फुटांवर होतं.

नाही, मी म्हणालो. निवृत्तीच्या वेळी सगळं आवरून टाकलं. माझी बायको माया स्वयंपाकघराच्या दारात उभी होती. तिनं माझ्याकडे पाहिलं आणि ती आत गेली. दोन दिवस आमच्या घरी भाजीत मीठ जास्त पडत होतं.

मार्चच्या पहिल्या आठवड्यात जमुनाचा फोन आला. शेंदूरजन्याला मृग बहाराचा माल भरणं चालू आहे, संत्र्याच्या पेट्यांत तळाला रद्दी घालतात, आणि एका शेडवाल्याकडे चार-पाच वर्षांपूर्वीच्या रद्दीचे गठ्ठे पडून आहेत असं माणिकबाईंकडून कळलंय. आपला पेपर लांबून ओळखणारा माणूस हवा. भाऊ, तुम्ही येता का?

जे पान घरात आहे ते शोधायला मी अमरावतीला गेलो, तिथून तिच्याबरोबर वरुडच्या एसटीत बसलो आणि पुढे ऑटोनं शेंदूरजनाघाटला पोचलो. आयुष्यात मी पुष्कळ मूर्खपणा केलाय. इतका सविस्तर कधी केला नव्हता.

शेडमध्ये संत्र्यांचे ढीग, वर पत्रा तापलेला, आणि एका कोपऱ्यात छातीइतके रद्दीचे गठ्ठे. जमुनाला कागदाच्या धुळीचं वावडं आहे. नाकाला ओढणी बांधून ती बसली आणि एकेक पान उलटायला लागली. दर पाच मिनिटांनी शिंकत होती. मी समोर बसून पानं उलटत होतो आणि दर वेळी पूर्णाकाठचं नाव दिसलं की वाटायचं, ते पान इथेच सापडलं तर सुटलो. ते सापडावं म्हणून त्या शेडमध्ये माझ्याइतकी प्रार्थना कोणी केली नसेल. एप्रिल दोन हजार वीसचा अंक सापडला, दिवाळी एकवीस सापडली, आमच्या मालकांच्या एकसष्टीची पुरवणी तर सात वेळा सापडली.

दुपारी माणिकबाई आल्या. सत्तरीच्या, काटक, हातात छाटणीची कात्री. त्यांची बाग आता पुन्हा उभी राहिली होती आणि त्याची त्यांना ऐट होती. त्यांच्याकडचा अंक काय झाला, असं मी विचारलं.

“तुमचा पेपर कोनी जपून ठेवते का भाऊ?” त्या म्हणाल्या. “त्या साली जेवढा माल वाचला तेवढा दिल्लीले गेला. माही बातमीबी गेली असन संत्र्याखाली.” मग माझ्याकडे नीट बघत त्यांनी पुढचं विचारलं. “अन् तुमी तं पेपराचे मोठे साहेब होते म्हनते हे. तुमच्याच घरी नाही?”

दुसऱ्यांदा मी नाही म्हणालो. या वेळी ते म्हणताना मी संत्र्यांकडे बघत होतो.

चार वाजता गठ्ठे संपले. जमुनाचे डोळे लाल झाले होते, हात कोपरापर्यंत काळे. तिनं सगळी पानं पुन्हा गठ्ठ्यात लावून सुतळी बांधली, कारण रद्दी दुसऱ्याची होती. परतीच्या बसमध्ये तिनं फुटाण्याची पुडी सोडली आणि अर्धे माझ्या हातावर ओतले. मासिकवाले महिनाअखेरपर्यंत थांबतील, मग विषय बंद, असं तिनं सांगितलं. दीड वर्षाचं काम. मी विचारलं, तुझा कोणावर संशय आहे का? आपल्या पेपरात ती बातमी कोणी काढली असेल?

“रोहितनं काढली असन,” ती म्हणाली. “नाहीतं नव्या साइटवाल्या पोट्ट्यांनी. मले येकच गोष्ट पक्की मालूम आहे भाऊ. तुमी नाही काढली. तुमी काढली असती तं सही केली असती.”

पुढे मोर्शी गेलं, अमरावती आलं, मी अकोल्याची गाडी पकडली. हातावरचे फुटाणे मी तसेच खिशात टाकले होते.

घरी मायाला सगळं सांगितलं. तिला सगळं माहीतच होतं. वही तिनं चार वर्षांपूर्वीच पाहिली होती, कपाट तीच आवरते. ती म्हणाली की जमुना तुमच्यावर रागावेल याची भीती तुम्हाला नाही. ती तुम्हाला माफ करून टाकेल आणि मग तुम्हाला कुठे तोंड लपवायचं ते कळणार नाही, याची आहे. बायका पस्तीस वर्षं मीठ जास्त घालतात आणि एक दिवस असं काहीतरी बोलतात. सकाळी सहाच्या एसटीनं मी वही पिशवीत घालून निघालो. पिशवी कार्यशाळेत मिळालेलीच होती, हे मूर्तिजापूर आल्यावर लक्षात आलं.

दार केशरबाईंनी उघडलं. त्यांना वाटलं, कोणी गेलं की काय. भिंतीवर बाबासाहेबांचा फोटो आणि त्याखाली खाकी गणवेशातले जानराव, कंडक्टरचा बिल्ला लावलेले. जमुना कॉलेजला निघायच्या बेतात होती. मी वही काढली, ते पान उघडलं आणि तिच्यासमोर धरलं.

तिनं आधी बातमी पाहिली आणि तिचा चेहरा असा उजळला की मला वाटलं, इथेच थांबावं. मग शिक्का पाहिला. मग निळी अक्षरं वाचली. दोनदा वाचली. चष्मा काढून ओढणीनं पुसला, पुन्हा लावला.

मी म्हणालो, “कारन राहिलं होतं. ते लिहून देतो.” आणि खिशातून पेन्सिल काढली.

तिनं माझं मनगट धरलं. “नोको,” ती म्हणाली. “आता लिहू नोका. कोरं आहे तेच खरं आहे.”

मग तिनं कॉलेजात फोन करून येत नसल्याचं कळवलं, बॅगेतून वही काढली आणि खुर्ची माझ्यासमोर ओढली. तिनं मला नाव विचारलं. मी म्हणालो, तुला माहीत नाही का. ती म्हणाली, सांगा. मी सांगितलं. वय, हुद्दा, नोकरीची वर्षं, सगळं तिनं विचारून विचारून निळ्या पेनानं लिहिलं. वीस वर्षांत तिनं मला भाऊ म्हटल्याशिवाय एक वाक्य पूर्ण केलं नव्हतं. त्या सकाळी एकदाही म्हटलं नाही.

“बातमी काढा म्हनून कंपनीतून कोनी सांगतलं?”

“नाही.”

“मालकानं?”

“नाही. रोहितनं इचारलं, अजून दिसते का म्हनून. काढा म्हनला नाही.”

“मंग तुमी काहून काढली?”

चौतीस वर्षं मी दुसऱ्यांच्या वाक्यांना वळण दिलं. स्वतःचं एक वाक्य मला सुचेना. केशरबाई आत भाकरी थापत होत्या, त्यांचा हात थांबलेला मला ऐकू आला.

“भेव वाटलं,” मी म्हणालो. “पेपर बंद पडन म्हनून भेव वाटलं. अन् जमुना, त्या दिवशी कोनी मले काढ म्हनलं असतं ना, तं मी भांडलो असतो. कोनी म्हनलंच नाही. भांडू कोनाशी?”

तिनं ते लिहून घेतलं. मग लाल पेन उचललं आणि एक ओळ लिहिली. मग सगळं मला वाचून दाखवलं, पहिल्यापासून, एकही शब्द न गाळता. माझं स्वतःचं बोलणं दुसऱ्याच्या तोंडून ऐकायची ती पहिलीच वेळ. लाल ओळ अशी होती: ‘बोलताना नजर त्या कोऱ्या जागेवर होती. पेन्सिल हातातच होती.’ मी म्हणालो, हे कशाला. ती म्हणाली, मी पाहिलंय. चुकलं असेल तर सांगा. चुकलं नव्हतं. मी खाली सही केली.

तिनं वही मिटली, दोन्ही पेनांना टोपणं लावली, बॅगेत ठेवली. मग डोळे पुसले, ते शेंदूरजन्याच्या धुळीनं चुरचुरत असावेत असं मला समजू दिलं.

“शालिकभाऊ,” ती म्हणाली, “उपाशी निघाले असान. जेवून घ्या.”

भाकर आणि मुगवडीची भाजी होती. मी तीन भाकरी खाल्ल्या. केशरबाईंनी चौथी विचारली तेव्हा मला रडू आलं आणि दोघींनीही तिकडे लक्ष दिलं नाही.

लेख जूनमध्ये आला. अकरा बातम्यांचा हिशोब, माझ्या वहीतल्या त्या पानाचा फोटो, कारणापुढची कोरी जागा ठळक दिसेल असा. कंपनीचं तीन परिच्छेदांचं उत्तर जसंच्या तसं होतं. रोहितचंही होतं, ‘आमच्यावर कोणाचाही दबाव नव्हता,’ आणि खाली जमुनानं लिहिलं होतं की हे खरं आहे आणि या लेखाचा मुद्दाही हाच आहे. रोहित माझ्याशी महिनाभर बोलला नाही. मग एक दिवस फोन करून म्हणाला, काका, ती बातमी साइटवर परत टाकली आहे. मी विचारलं, कोणी सांगितलं? तो म्हणाला, कोणीच नाही.

लेख फोनवर फार लोकांना दिसला नाही. का दिसला नाही ते सिद्ध करता येत नाही, म्हणून जमुना त्यावर काही बोलत नाही, मी बोलतो. माणिकबाईंनी मात्र मासिकाचा अंक मागवून घेतला आणि ती पानं लॅमिनेट करून शेडच्या खांबाला लावली. यंदा ही बातमी दिल्लीला पाठवायची नाही, असं त्यांनी कळवलंय.

माझा अंक टपालानं आला. माया चष्मा लावून मोठ्यांदा वाचायला बसली. माझ्या जबाबाचा भाग ती सरळ वाचून गेली, लाल ओळीसकट. शेवटी ती अडखळली आणि एकच जागा तिनं पुन्हा पुन्हा वाचली. लेखाच्या तळाशी, बारीक टाइपात, जमुनानं वाचकांसाठी एक खुलासा टाकला होता: ‘हे कात्रण ढोकणे यांनी स्वतः आणून दिले. प्रस्तुत लेखिका बातमी लिहायला त्यांच्याचकडे शिकली, हे वाचकांना माहीत असावे.’

मी आयुष्यभर हजारो ओळी अनावश्यक म्हणून कापल्या. ही ओळ माझ्या टेबलावर आली असती तर तीही कापली असती, आणि कारणापुढे ‘जागा नाही’ असं लिहिलं असतं. बरं झालं, ती माझ्या टेबलावर आली नाही.